पर्यावरण अभियांत्रिकीचे संशोधन इंदुरातच करता यावे

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

गेल्या महिन्यात आपल्या दैनिकाच्या करिअर पुरवणीत पर्यावरण अभियांत्रिकी आणि शाश्वत तंत्रज्ञान या क्षेत्रातील संधींविषयी अर्धे पान मजकूर आला होता. विषय निवडल्याबद्दल आपले आभार मानायलाच हवेत, कारण इंदूरच्या मराठी घरांत बारावीनंतरची चर्चा कॉम्प्युटर, सीए आणि पुण्याला जाणे या तीन गोष्टींपलीकडे सहसा सरकत नाही. परंतु सौर पॅनेलांसमोर हेल्मेट घालून हसणाऱ्या तरुणांचे छायाचित्र, तीन वेळा आलेले ‘उज्ज्वल भवितव्य’ आणि परदेशी विद्यापीठांची यादी एवढ्यातच ते अर्धे पान संपले. या क्षेत्रात संशोधन करणारा माणूस सकाळी घरून निघून दिवसभर नेमके काय करतो, हे त्यावरून कोणालाही कळले नसते. मी येथील एका अभियांत्रिकी महाविद्यालयात सुमारे तीस वर्षे हा विषय शिकवला, त्याची प्रयोगशाळा सांभाळली आणि आता निवृत्त आहे. म्हणून त्या लेखात राहून गेलेले थोडे लिहिते.

तो लेख वाचून आमच्या शेजारची मुलगी वडिलांना घेऊन माझ्याकडे आली. ती स्थापत्य अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि तिला पुढे याच विषयात एम.टेक. व जमल्यास पीएच.डी. करायची आहे. वडिलांनी चहा घेता घेता सरळच विचारले, “काकू, चार वर्षे इंजिनियरिंग शिकून शेवटी नालीच मोजायची का?” (आपल्या इंदुरी मराठीत गटाराला नालीच म्हणतात, आणि मला तो शब्द आवडतो.) मी म्हटले, “हो, नालीच मोजायची, पण ती नीट मोजायला आणखी दोन वर्षे शिकावे लागते.” त्यांना हे उत्तर थट्टेचे वाटले असावे. ते थट्टेचे नव्हते.

सांडपाण्याच्या शास्त्रात ज्याला सगळे बीओडी (जैविक प्राणवायू मागणी) म्हणतात, त्या एका परीक्षेचे उदाहरण घेते. पाण्यातील घाण जिवाणू खातात आणि खाताना पाण्यात विरघळलेला प्राणवायू वापरतात. तो किती वापरला जातो यावरून घाण किती ते ठरते. त्यासाठी ३०० मिलिलिटरची काचेची बाटली बुडबुडा न राहता काठोकाठ भरायची, एका बाटलीतील प्राणवायू लगेच मोजायचा आणि दुसरी अंधारात ठरावीक तापमानाला ठेवून काही दिवसांनी मोजायची. इंग्लंडात विसाव्या शतकाच्या आरंभी यासाठी पाच दिवसांची मुदत ठरली आणि पुढे २० अंश सेल्सिअस तापमान रूढ झाले. आपल्याकडे मात्र प्रमाणित पद्धत २७ अंशांवर तीन दिवसांची आहे, कारण उष्ण हवेत जिवाणू वेगाने काम करतात आणि आपल्या प्रयोगशाळांत २७ अंश राखणे सोपे जाते. पुस्तकात ही एक ओळ असते. पण येथल्या हवेसाठी येथल्या पाण्यावर परीक्षा करून तिचा नियम बसवणे हेच ते संशोधन, ज्याचे लेखात नावही नव्हते. या तीन दिवसांचा एक घरगुती परिणामही सांगते. गुरुवारी लावलेली बाटली रविवारी उघडावी लागते, म्हणून आमच्या प्रयोगशाळेत गुरुवारी बीओडी लावायचा नाही असा अलिखित नियम होता आणि नवा विद्यार्थी तो एकदा तरी मोडून रविवार घालवीतच असे.

प्राणवायू मोजण्याची जुनी पद्धत आजही शिकवतात आणि ती शिकवावीच असे माझे मत आहे. नमुन्यात मँगनीज सल्फेट आणि आयोडाइड मिसळलेला अल्कली घातला की साका, म्हणजे पाण्यात न विरघळता तळाशी बसणारा पदार्थ, तयार होतो. पाण्यात प्राणवायू असेल तर तो साका तपकिरी होतो आणि मुळीच नसेल तर पांढराच राहतो. कृष्णपुरा छत्र्यांजवळच्या पुलावरून दोरीला बांधलेली बादली शहरातून वाहणाऱ्या कान्ह नदीत सोडून आम्ही नमुने काढत असू. तेथेच पुलाच्या कठड्यावर बाटली ठेवून रसायने घातली की उन्हाळ्यात साका पांढराशुभ्र राही. वर्गात नदीच्या प्रदूषणावर दिलेली तासभराची व्याख्याने विसरणारी मुले ती पांढरी बाटली विसरली नाहीत. त्यांतल्या दोघांनी पुढे याच विषयात पीएच.डी. केली.

आता एक तक्रार, कोणाचे नाव न घेता. काही वर्षांपूर्वी माझ्या एका विद्यार्थिनीला एम.टेक.च्या प्रबंधासाठी एका सांडपाणी शुद्धीकरण केंद्रातून आठवड्याला दोन नमुने हवे होते. परवानगीचा कागद या टेबलावरून त्या टेबलावर फिरत चार महिने गेले आणि प्रबंधाचे वर्ष तसेच सरत चालले. अखेर ती आत गेली तेव्हा तेथील नोंदवहीत महिनाभर रोज बाहेर जाणाऱ्या पाण्याचा बीओडी ८ लिहिलेला तिला दिसला. आठाच्या आकड्याबद्दल तिला शंका आली नाही. शंका आली ती नोंदीच्या वेळेबद्दल. परीक्षेला तीन दिवस लागतात आणि येथे आजच्या पाण्याचा निकाल आजच संध्याकाळी लिहिला जात होता. तिने हे तेथील तरुण ऑपरेटरला नम्रपणे विचारले. तो बारा तासांच्या पाळीवर होता, ठेकेदाराकडे नोकरीला होता आणि बाटल्या ठरावीक तापमानाला ठेवण्याचे यंत्र, म्हणजे इन्क्युबेटर, बंद पडून दोन महिने झाले होते. त्याने सांगितले की रकाना रिकामा ठेवला तर पगार कापला जातो. मला त्या मुलाला दोष देववत नाही. ज्या ठिकाणी परीक्षेचा अर्थ कळणारा एकही माणूस नेमलेला नाही, तेथे रकाने असेच भरले जाणार.

वाचकांना हा आकड्यांचा कीस वाटू नये म्हणून त्यामागचे कारण सांगते. नदीत सोडायच्या सांडपाण्याचा बीओडी लिटरला ३० मिलिग्रॅमपर्यंत चालेल, असा दंडक आपल्या देशात पुष्कळ वर्षे होता. २०१७ च्या अधिसूचनेत मोठ्या महानगरांसाठी तो २० झाला आणि २०१९ मध्ये राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने १० चा आग्रह धरला. कागदावर ३० खोडून १० लिहायला क्षण पुरतो, पण तीसचे दहा करताना केंद्राच्या टाक्या, हवा देण्याची यंत्रे, वीज आणि गाळ या सगळ्यांचा हिशेब नव्याने मांडावा लागतो. इंदुरातील कबीटखेडीचे रोज २४५ दशलक्ष लिटर क्षमतेचे सांडपाणी केंद्र ज्या पद्धतीवर चालते, तीत पाणी भरणे, हवा देणे, गाळ बसू देणे आणि स्वच्छ पाणी वरून काढून घेणे हे सगळे एकाच टाकीत पाळीपाळीने होते. प्रत्येक पाळी किती मिनिटांची ठेवावी हे तेथल्या सांडपाण्यावर अवलंबून असते, आणि इंदूरचे सांडपाणी मे महिन्यात एक असते, अतिवृष्टीच्या ऑगस्टात दुसरे. एका माणसाला तीन-चार वर्षे पुरेल इतके संशोधन या एका प्रश्नात आहे. ते मँचेस्टरला बसून होणार नाही, पुण्यालाही नाही.

ओल्या कचऱ्याचेही तसेच. देवगुराडियाच्या ट्रेंचिंग ग्राउंडवर १९ फेब्रुवारी २०२२ रोजी सुरू झालेला बायो-सीएनजी प्रकल्प मुळात रोज ५५० टन ओला कचरा घेण्याच्या क्षमतेचा असून त्यातून दिवसाला सुमारे १७,००० किलो वायू आणि १०० टन खत मिळावे अशी त्याची रचना आहे. शहर बसगाड्यांवर त्याची जाहिरात आपण वाचतो. पण ज्यांच्या बळावर ती बस चालते ते जिवाणू फार नाजूक प्रकृतीचे असतात. कचरा कुजताना आधी आम्ले तयार होतात आणि मग मिथेन करणारे जिवाणू ती आम्ले खातात. आम्ले वाढली आणि खाणारे मागे पडले, तर टाकी आंबते आणि वायू थांबतो. आता इंदूरच्या जेवणाचा विचार करा. आंब्याच्या दिवसांत साली आणि कोयी यांचा पूर येतो. दिवाळीच्या आठवड्यात मिठाई येते. सराफा आणि छप्पन दुकान या खाऊगल्ल्यांच्या कचऱ्यात बारा महिने शेव-कचोरीचे तेल असते, जे थोडे असेल तर भरपूर वायू देते आणि जास्त झाले तर साय धरून टाकी बिघडवते. कोणत्या दिवशी कोणता माल किती घालावा, हे ठरवण्याचे शास्त्र म्हणजे एका परीने स्वयंपाकघरच आहे, फक्त पंगत जिवाणूंची. आपल्या शहरात घरोघरी कचरा वेगळा करून देण्याची जी सवय लागली, तिच्यामुळे हे संशोधन येथे जितके चांगले होऊ शकते तितके देशात फार थोड्या ठिकाणी होईल, कारण प्लास्टिकची भेसळ असलेल्या कचऱ्यावर केलेल्या प्रयोगाचे निष्कर्ष कशालाच लागू पडत नाहीत.

हे सगळे नवे खूळ आहे असे समजणाऱ्यांसाठी थोडा इतिहास. १९२४ मध्ये इंदुरात इन्स्टिट्यूट ऑफ प्लांट इंडस्ट्री स्थापन झाली. आजचे कृषी महाविद्यालय त्याच जागेवर आहे. तिचे संचालक अल्बर्ट हॉवर्ड यांनी १९३१ पर्यंत येथे राहून शेतातील काडीकचरा, शेण, गोठ्यातील मूत्राने भिजलेली माती आणि राख यांचे थर देऊन, तीन वेळा उलथापालथ करून, तीन महिन्यांत खत करण्याची पद्धत बसवली. जगभर ती ‘इंदूर पद्धत’ म्हणून ओळखली गेली आणि चहाच्या मळ्यांपासून केनियातील कॉफीच्या मळ्यांपर्यंत पोहोचली. हॉवर्ड यांचे नाव अनेकांना माहीत असते. परंतु १९३१ मध्ये ऑक्सफर्ड युनिव्हर्सिटी प्रेसने या पद्धतीवरचे जे पुस्तक काढले त्याच्यावर दोन लेखकांची नावे आहेत आणि दुसरे नाव यशवंत वाड यांचे आहे. ते या संस्थेत रसायनशास्त्र विभागाचे मुख्य साहाय्यक होते. खताच्या ढिगात कर्ब आणि नत्र यांचे प्रमाण सुरुवातीला किती असावे, ओल किती राखावी, कितव्या दिवशी ढीग उलथावा, ही सगळी माहिती कोणाच्या तरी हातून रोजच्या रोज मोजली गेली आहे. पुढे १९३४ मध्ये जॅक्सन यांच्याबरोबर वाड यांनी हीच पद्धत वस्तीतील मैला आणि केरकचऱ्याला कशी लावावी यावरही लिहिले. म्हणजे आपण ज्याला आज घनकचरा व्यवस्थापनातील संशोधन म्हणतो, ते नव्वद वर्षांपूर्वी इंदुरात पगारी नोकरी म्हणून केले जात होते. एवढे असूनही या शहरात वाड यांच्या नावाचा साधा फलक मला कोठे दिसला नाही. मराठी समाजाच्या गणेशोत्सवातील व्याख्यानमालांत त्यांच्यावर एखादे व्याख्यान व्हावे, असे मी दोनदा सुचवून पाहिले. दोन्ही वर्षी विषय ‘ताणतणाव व्यवस्थापन’ होता.

मुलीच्या वडिलांचा खरा प्रश्न पैशाचा होता आणि तो गैर नाही. स्थापत्य, रसायन किंवा पर्यावरण अभियांत्रिकीची पदवी घेतलेल्यांना गेट परीक्षा देता येते. २०२१ पासून तीत पर्यावरण शास्त्र व अभियांत्रिकी असा स्वतंत्र पेपर आहे. गेट उत्तीर्ण होऊन एम.टेक.ला प्रवेश मिळाला की दरमहा १२,४०० रुपये विद्यावेतन मिळते, ज्यात खानावळ आणि खोलीभाडे कसेबसे भागते. पुढे पीएच.डी.साठी कनिष्ठ संशोधन अधिछात्रवृत्ती मिळाली तर जानेवारी २०२३ पासून ती दरमहा ३७,००० रुपये आणि घरभाडे भत्ता अशी आहे, दोन वर्षांनी ४२,००० होते. मात्र ती वेळेवर हातात पडेलच असे नाही, हेही सांगून ठेवते. नागपूरची नीरी (राष्ट्रीय पर्यावरण अभियांत्रिकी संशोधन संस्था) ही या विषयातील देशातील सर्वांत जुनी राष्ट्रीय प्रयोगशाळा. ती १९५८ मध्ये सार्वजनिक आरोग्य अभियांत्रिकीची संस्था म्हणून सुरू झाली आणि १९७४ मध्ये तिला आजचे नाव मिळाले. इंदूरहून रात्रीच्या गाडीने तेथे जाता येते आणि मराठी मुलीला परगावी गेल्यासारखेही वाटत नाही. सॉफ्टवेअरमधल्या वर्गमित्राचा पगार पहिली दहा वर्षे आपल्या मुलीच्या पगारापेक्षा जास्तच राहील, हे मी त्यांना स्पष्ट सांगितले. काम कोणत्या वासात करावे लागते, नमुने काढायला जाण्यापूर्वी धनुर्वात, टायफॉइड आणि काविळीच्या लसी का घ्याव्यात, हेही सांगितले. पर्यावरण परिणाम अहवालांच्या बाजारात जुन्या अहवालातील नदीचे नाव बदलून नवा अहवाल तयार करणारी कार्यालयेही आहेत आणि चांगल्या मुलांचा पहिला मोहभंग बहुधा तेथेच होतो. हे सगळे ऐकूनही मुलगी डगमगली नाही, तेव्हा वडिलांनी चहाचा दुसरा कप मागितला.

माझी अडचण वेगळीच आहे. ही मुलगी नागपूरला किंवा पवईच्या आयआयटीला जाईल, उत्तम शिकेल आणि बहुधा परत येणार नाही. कारण परत येऊन संशोधन करायचे तर लागणारे पाणी, गाळ आणि कचरा येथे मुबलक असूनही त्यांच्यापर्यंत पोहोचायला परवानगी मिळत नाही. इंदूर २०२१ मध्ये देशातील पहिले ‘वॉटर प्लस’ (म्हणजे सांडपाणी शुद्ध करूनच बाहेर सोडणारे) शहर ठरले, २०१७ पासून स्वच्छता सर्वेक्षणात वर्षानुवर्षे पहिले येत गेले. २०२३ मध्ये महानगरपालिकेने २४४ कोटी रुपयांचे हरित रोखे (पर्यावरणाच्या कामांसाठीचे कर्जरोखे) लोकांसाठी खुले करून, नर्मदेचे पाणी जेथून उपसले जाते त्या जलूदच्या सौर प्रकल्पासाठी भांडवल उभे केले, कारण सुमारे ७० किलोमीटरवरून आणि तेही चढाने नर्मदेचे पाणी उपसून आणायला लागणारी वीज हा शहराच्या तिजोरीवरचा मोठा भार आहे. ही सगळी कामे मोठी आहेत आणि त्यांचे श्रेय ज्यांना आहे त्यांना मिळावे. पण नोकरशाही, सफाई कामगार आणि नागरिक यांनी मिळून जे उभे केले त्यात आपल्या महाविद्यालयांचा वाटा काय, असा प्रश्न कोणी विचारला तर मला खाली पाहावे लागेल. २०१६ च्या सिंहस्थाआधी कान्हचे पाणी मोठ्या नळातून वळवून उज्जैनच्या स्नानघाटांच्या पलीकडे क्षिप्रेत सोडण्याची योजना झाली. आता २०२८ चा सिंहस्थ तोंडावर आहे आणि पुन्हा वळवण्याचीच कामे चालू आहेत. वळवणे म्हणजे शुद्ध करणे नव्हे, हे पदवीच्या दुसऱ्या वर्षाचा विद्यार्थीही सांगेल. पण त्याच्याजवळ स्वतः मोजलेले आकडे नसतात, म्हणून त्याचे कोणी ऐकत नाही.

सांडपाणी आणि कचऱ्याची जी केंद्रे सार्वजनिक पैशावर चालतात, त्यांच्या ठेक्याच्या करारातच एक कलम असावे: शहरातील मान्यताप्राप्त संस्थांच्या विद्यार्थ्यांना ओळखपत्र व सुरक्षा साधने यांच्या अटीवर ठरलेल्या दिवशी नमुने घेऊ द्यावेत आणि त्यांचे निकाल केंद्राच्या नोंदींशेजारी ठेवले जावेत. यासाठी वेगळा निधी लागत नाही. ठेकेदारांना हे जड वाटेल, पण ज्याची नोंदवही खरी आहे त्याचे यात नुकसान काहीच नाही.

दुसरी विनंती आपल्यालाच आहे. आपण रोज सोन्याचा भाव आणि कमाल-किमान तापमान छापता. त्याच चौकटीत आठवड्यातून एकदा कान्हच्या पाण्यातील विरघळलेल्या प्राणवायूचा आकडा छापावा. इंदूरच्या उंचीवर २७ अंश तापमानाच्या स्वच्छ पाण्यात तो लिटरला साडेसात मिलिग्रॅमच्या आसपास असायला हवा, आणि चारच्या खाली मासे तग धरेनासे होतात, एवढी एक ओळ सोबत असली की कोणताही वाचक तो आकडा वाचू शकेल. ही परीक्षा तीन दिवसांची नसून जागच्या जागी होते, त्यामुळे शनिवारी सकाळी मोजलेला आकडा रविवारच्या अंकात येऊ शकतो. माझे दोन जुने विद्यार्थी आणि शेजारची ती मुलगी हे काम विनामूल्य करायला तयार आहेत. जागा कृष्णपुऱ्याचा पूल, वेळ सकाळी सात. रसायने आणि बाटल्या माझ्याकडे आहेत. बादलीची दोरी तेवढी नवी घ्यावी लागेल.

आपली विश्वासू,
एक निवृत्त प्राध्यापिका
राजेंद्र नगर, इंदूर